कांडीवाल्या मावशींचा सिनेमा

आमच्या आईने इचलकरंजीच्या यंत्रमाग कारखान्यात बावीस वर्षे कांड्या भरल्या. घरात तिचा एकच फोटो आहे. स्टुडिओतला, शेजारणीची साडी नेसून काढलेला. मशीनपुढे बसलेली आई कुणी टिपलीच नाही. कॅमेरेवाल्यांना ते टिपण्यासारखे वाटले नसावे. खरे सांगायचे तर आम्हालाही वाटले नाही.

हे आठवले त्याला कारण, परवा मुलांनी घरी 'फँड्री' लावला होता. २०१४ साली हा चित्रपट थिएटरात आला तेव्हा आम्ही तो पाहिला होता. दिग्दर्शक नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे. जब्या झालेला सोमनाथ अवघडे कुठे अभिनय शिकलेला नव्हता. डुक्कर काठीला बांधून नेतात आणि मागे भिंतीवर बाबासाहेबांचे चित्र दिसते, तिथे आमच्या घरात कुणी बोलेना. एरवी सिनेमात आपला माणूस बहुधा हात जोडून उभा. बोलायचे काम दुसऱ्याकडे. इथे जब्याची लाज आणि त्याचा राग, दोन्ही त्याचेच आहेत.

ती रचलेली कथा झाली. आपल्या शेजारच्या सांगली जिल्ह्यातील सोमनाथ वाघमारे माहितीपट करतात. २०१७ साली त्यांनी भीमा कोरेगाववर केला, २०२३ साली 'चैत्यभूमी' आला. ६ डिसेंबर म्हटले की पेपरात आपली गर्दी आणि वाहतुकीची कोंडी, एवढेच आपण वर्षानुवर्षे वाचले. पण लाखो माणसे दादरला का येतात, हे येणाऱ्याच्या तोंडून ऐकणे वेगळे. बाबासाहेबांनी ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक' काढला तोही याचसाठी, की आपले म्हणणे आपल्याच पत्रात यावे.

आमच्या वस्तीतल्या दोन पोरांनी आता मोबाईलवर चित्रण सुरू केले आहे. बिनधोट्याचे माग आल्यापासून कांडीचे काम कमी होत चालले आहे. म्हणून पहिला मान शेजारच्या कांडीवाल्या मावशींना. मावशी आल्या त्या लग्नातली निळ्या काठाची साडी नेसून. आम्ही म्हणालो, "मावशी, रोजच्या कापडात बसा, तेच खरं दिसतंय."

मावशी म्हणाल्या, "रोज सूत उडतंय तेच दावायचं व्हय जगाला? माझा सिनेमा हाय न्हवं? मग काय नेसायचं ते मी ठरवणार की."

आम्ही गप्प बसलो. आईच्या फोटोतली उसनी साडी आठवली. तीही कदाचित तिनेच हौसेने मागून आणली असेल. आम्ही कधी विचारलेच नाही.

मावशी त्याच साडीत बसल्या आणि तासभर झरझर कांड्या भरल्या. मागांच्या खडखडाटात त्यांचे बोलणे मात्र नीट ऐकू येत नाही. शुक्रवारी माग बंद असतात, तेव्हा ते पुन्हा घेणार आहोत.