‘दोन गटांत हाणामारी’



मार खाल्ला एका वस्तीने, घरे जळाली एका वस्तीची आणि दुसऱ्या दिवशी पेपरात छापून आले, ‘दोन गटांत हाणामारी, गावात तणावपूर्ण शांतता’. बिडकीन-पैठणपासून नांदेडपर्यंत ही ओळ न वाचलेला माणूस आपल्यात शोधून सापडणार नाही. ओळ खोटी नसते. हाणामारी झालेली असते, शांतताही तणावाचीच असते. पण कोणी कोणाला मारले आणि का मारले, हे त्या ओळीत कुठेच नसते. खोटी बातमी निदान पकडता तरी येते. अशा अर्धवट बातमीला पकडायचे कुठे?

बिडकीनचे नाव हल्ली छापून येते ते ऑरिकच्या जमिनीसाठी आणि येणाऱ्या कारखान्यांसाठी. पण घरातल्या साठी ओलांडलेल्या माणसांना १९७८ चा पावसाळा आठवत असेल. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाडा पेटला. सुमारे बाराशे गावांना त्याची झळ लागली. नांदेड जिल्ह्यातल्या टेंभुर्णीचे पोचीराम कांबळे यांना जिवानिशी मारले गेले. विद्यापीठाचे नाव बदलायला मग १४ जानेवारी १९९४ उजाडला, म्हणजे सोळा वर्षे गेली. तेही नामांतर नव्हे, नामविस्तार!

त्या दिवसांत या भागाचा आवाज म्हणून एका वर्तमानपत्राकडे पाहिले जाई. ते म्हणजे ‘मराठवाडा’ आणि त्याचे संपादक अनंत भालेराव. माणूस लेचापेचा नव्हता. निजामाविरुद्धच्या मुक्तिसंग्रामात ते लढले, तुरुंगात गेले. आणीबाणीतही त्यांनी तुरुंगवास भोगला. सत्तेपुढे लेखणी वाकवायची नाही हे त्यांनी स्वतः करून दाखवले होते. आणि याच संपादकाने नामांतराला विरोध केला. मराठवाडा हे नाव प्रदेशाची अस्मिता आहे, असे ते मांडत राहिले.

अग्रलेखाने कोणाच्या हातात काडी दिली, असे मी म्हणणार नाही. मत मांडण्याचा अधिकार त्यांना होताच. पण प्रदेशाची अस्मिता असे म्हणताना त्या प्रदेशात आपली वस्ती मोजली होती की नाही? विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव द्या म्हणणारी पोरेही मराठवाड्याच्याच मातीतली होती. त्यांच्या बापजाद्यांनी निजामाचाही जाच सोसला होता आणि पाटलाचाही. निजामाशी झुंजलेल्या लेखणीला गावकुसाबाहेरचा मराठवाडा दिसला नाही. दुष्ट माणसाचा पक्षपात लगेच ओळखू येतो. सज्जनाचा ओळखायला पिढी जाते.

याचे कारण एकट्या संपादकात शोधू नका. बातमी गावातून वर कशी जाते ते बघा. तालुक्याचा वार्ताहर अनेकदा पेपरचा विक्रेता असतो आणि जाहिराती गोळा करणाराही तोच. पगार नावालाच, खरे पोट जाहिरातीच्या कमिशनवर. जाहिरात कोण देणार? साखर कारखाना, पतसंस्था, बाजार समिती आणि पुढाऱ्याचा वाढदिवस. वस्तीवर हल्ला झाला आणि आरोपी त्याच घरातला निघाला, तर त्या बिचाऱ्याने काय लिहावे? तो पोलीस ठाण्यातून माहिती घेतो, दोन्हीकडच्या तक्रारी नोंदल्या असे कळते, आणि ‘दोन गट’ तयार होतात. जळालेल्या घरापर्यंत तो पोचतच नाही.

खैरलांजीत हेच झाले. २९ सप्टेंबर २००६ रोजी भंडारा जिल्ह्यातल्या त्या गावात भोतमांगे कुटुंबातली चार माणसे, आई, मुलगी आणि दोन मुलगे, ठार मारली गेली. तिसऱ्याच दिवशी दसरा होता. धम्मदीक्षेला पन्नास वर्षे होत होती आणि नागपूरला दीक्षाभूमीवर लाखोंचा जनसागर जमला होता. एवढ्या जवळ घडलेले एवढे मोठे हत्याकांड, पण मोठ्या पेपरांच्या पहिल्या पानावर यायला नोव्हेंबर लागला. तेही लोक रस्त्यावर उतरल्यावर. आणि आधी जे थोडेफार छापून आले त्यात अनैतिक संबंधाची कुजबुज होती. मेलेल्या बाईची अब्रू दुसऱ्यांदा घेतली. आमच्या भगिनींनी ही गोष्ट विसरू नये.

बाबासाहेबांनी हे दुखणे फार लवकर ओळखले होते. ३१ जानेवारी १९२० रोजी ‘मूकनायक’ निघाला, तेव्हा पैसे देऊनही त्याची जाहिरात छापायला ‘केसरी’ने नकार दिला होता. पुढे २० मार्च १९२७ ला महाडला काय झाले? चवदार तळ्याचे पाणी प्राशन करून लोक परत आले आणि गावात अफवा उठली की हे आता वीरेश्वराच्या देवळात घुसणार. देवळात जायचे कोणाच्या मनातही नव्हते. पण अफवेवर लाठ्या निघाल्या, आपल्या माणसांची डोकी फुटली. बाबासाहेबांनी आपल्या माणसांना उलट हात उचलू दिला नाही. आणि दोनच आठवड्यांनी, ३ एप्रिलला, ‘बहिष्कृत भारत’ सुरू केला. आपली बाजू आपणच छापायची, एवढा सरळ हिशोब.

महाडची अफवा तोंडातोंडी फिरली. आज तीच व्हॉट्सअ‍ॅपवर आणि टीव्हीवर फिरते. मे २०२५ मध्ये भारत-पाकिस्तान संघर्ष पेटला. पाकिस्तानच्या तोफमाऱ्यात पूंछमधले एका मदरशातले शिक्षक मारले गेले. काही वाहिन्यांनी त्यांना अतिरेकी म्हणून दाखवून टाकले! शेवटी पूंछच्या पोलिसांनाच जाहीर खुलासा करावा लागला. आपलाच नागरिक, शत्रूच्या गोळ्याने मेलेला, आणि आपल्याच पडद्यावर शत्रू ठरला. त्या घरातल्या बायकापोरांनी टीव्ही बघितला असेल तेव्हा त्यांना काय वाटले असेल? त्याच दिवसांत कराची बंदर उद्ध्वस्त झाल्याची बातमीही काहींनी दिली होती. ती खोटी निघाली.

हे कुठवर जाऊ शकते ते आफ्रिकेतल्या रवांडाने दाखवले. तिथे १९९३ मध्ये सुरू झालेला एक खाजगी रेडिओ तुत्सी लोकांना झुरळे म्हणायचा. एप्रिल १९९४ पासून शंभर दिवसांत सुमारे आठ लाख माणसे कापली गेली आणि तो रेडिओ कोण कुठे लपले आहे ते सांगत होता. २००३ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयाने रेडिओच्या दोघा संस्थापकांना आणि एका पत्राच्या संपादकाला दोषी धरले. त्यांनी कोयता हातात धरला नव्हता.

आता आपल्या हातातले. वस्तीत काही घडले तर आधी फिर्याद नोंदवा. तिची प्रत फुकट मिळते, ती मागून घ्या. वार्ताहर आला नाही तर तारीख, वेळ, जागा, साक्षीदार लिहून आपणच कागद पाठवा. एक प्रत त्या पेपरला, एक आपल्या साप्ताहिकाला. फोनवर आलेला व्हिडिओ कुठला आणि कधीचा हे कळेपर्यंत पुढे ढकलू नका, मग तो आपल्या बाजूचा का असेना. पेपराने चुकीचे छापले तर आधी संपादकाला लेखी कळवा. दखल घेतली नाही तर दिल्लीच्या प्रेस कौन्सिलकडे तक्रार करता येते. दैनिक किंवा साप्ताहिक असेल तर छापल्यापासून दोन महिन्यांच्या आत करायची, फी लागत नाही. कौन्सिल दंड करू शकत नाही, ताशेरे मात्र ओढते. टीव्ही तिच्या कक्षेत येत नाही. घरातल्या शिकलेल्या मुलीला अर्ज लिहायला बसवा आणि सोबत कात्रण जोडा. कात्रणावर पेपरचे नाव, तारीख आणि पान क्रमांक दिसला पाहिजे.