समजावून सांगणें ही मेहेरबानी नव्हे

“बाई अडाणी आहे, तिला सांगून काय कळणार?” आमच्या खेड्यांतील गर्भार बाईनें हें वाक्य दवाखान्याच्या दारांत किती वेळां ऐकलें, त्याची गणती नाहीं. तिला गोळ्या मिळतात, पण त्या कशासाठीं हें कळत नाहीं. दंडाला पट्टा बांधून रक्ताचा दाब मोजतात, पण तो किती भरला हें तिला सांगत नाहींत. ज्या कुणब्याच्या, कुंभाराच्या, सुताराच्या पैशावर सरकारी मेडिकल कॉलेजें चालतात, त्याच्याच लेकीसुनांस तेथील विद्येचा एक शब्द मिळूं नये, ही कोठली रीत? पूर्वीं विद्येला सोवळें होतें; आतां तिनें पांढरा कोट घातला, इतकाच फरक!

“अडाणी बाईला कळत नाहीं” हें म्हणणें साफ खोटें आहे, आणि त्याचा पुरावा आमच्याच मुलुखांत आहे. डॉ. रजनीकांत व डॉ. मेबल आरोळे या दांपत्यानें १९७० सालीं जामखेडास काम मांडलें. त्यांनीं गांवोगांवच्या बायका निवडल्या. त्यांत कित्येक दलित होत्या, कित्येकींना अक्षरओळखही नव्हती. त्याच बायका गर्भार बायकांस तपासूं लागल्या आणि घरोघर आरोग्य समजावून सांगूं लागल्या. गडचिरोलींत डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांनीं ३९ गांवांत थोडें शिकलेल्या बायकांस नवजात बाळाचें वजन करणें, श्वास मोजणें, जंतुदोष ओळखून सुई देणें शिकविलें. तेथें पहिल्या महिन्यांतच हजारीं सुमारें ६२ बाळें दगावत. १९९८ पर्यंत तो आंकडा सुमारें २५ वर आला. १९९९ सालीं ‘लॅन्सेट’ या विलायती वैद्यकीय पत्रानें ही हकीकत छापली. कळण्याची कुवत आमच्या बायकांत होतीच. उणीव होती ती सांगणाराची.

आतां दुसरी लबाडी पाहा. अशा डॉक्टरांस हार घालावयाचे, ‘केवढी ही ध्येयनिष्ठा!’ म्हणून भाषणें ठोकावयाचीं, आणि उरलेल्यांस मोकळें सोडावयाचें! ध्येयनिष्ठ माणूस थोर खरा. पण तो शंभरांत एखादा. बाकीच्या गांवांतील बाळंतिणींनीं त्याची वाट पाहत मरावें काय? विहीर खणणाराची पूजा करावयाची आणि पाणी मात्र शिवारांत न्यावयाचें नाहीं, असा हा प्रकार.

त्याहून मोठा अन्याय आशाताईंच्या बाबतींत होतो. २००५ सालीं सुरू झालेल्या योजनेंतील ही गांवचीच बाई. २०११ पासून नवजात बाळाची घरीं जाऊन देखभाल करण्याचें काम तिच्याकडे आलें. दवाखान्यांत बाळंतपण झालें तर दीड महिन्यांत सहा वेळां, घरीं झालें तर सात वेळां तिनें बाळ पाहावयाचें. काम एवढें मोठें, पण सरकार तिला नोकर म्हणत नाहीं, ‘स्वयंसेविका’ म्हणतें. पगार नाहीं, मानधन! मोठ्या पगारदारास कर्तव्याची आठवण द्यावयास कोणी धजत नाहीं, आणि ध्येयवाद मागावयाचा तो गरीब बाईकडून!

आतां चार शब्द आपल्या घरच्यांस. लोहाच्या गोळीनें मूल फार मोठें होऊन बाळंतपण अडतें, अशा समजुतीनें घरोघर गोळ्या उकिरड्यावर जातात. मायबहिणींनो, ही समजूत खोटी आहे. २०१९-२१ च्या सरकारी पाहणींत देशांतील निम्म्याहून अधिक गर्भार बायकांचें रक्त उणें आढळलें. रक्त आधींच उणें असलें तर बाळंतपणांतील रक्तस्राव जिवावर बेततो. म्हणून चौथ्या महिन्यापासून रोज एक, अशा त्या १८० गोळ्या. शौचास काळें होईल, त्यास भिऊं नका. गोळीबरोबर चहा मात्र घेऊं नका. तोंडावर सूज येणें, डोकें ठणकणें, डोळ्यांपुढें अंधारी येणें, ही बाहेरची बाधा नव्हे. रक्ताचा दाब चढल्याचीं तीं लक्षणें होत. देवऋषाच्या नादीं न लागतां त्याच घटकेस दवाखाना गांठा.

आणि पोरांस ‘रडलास तर डॉक्टर सुई टोंचील’ असा धाक घालूं नका. ‘मुळींच दुखणार नाहीं’ अशी थापही मारूं नका. एकदां फसलेलें पोर पुन्हां विश्वास ठेवीत नाहीं. खरें सांगा कीं, मुंगी चावल्यासारखें दुखेल आणि मग थांबेल. गोवर अंगांत शिरला तर त्याला ओळखून हुसकावयाचें कसें, हें ही सुई तुझ्या शरीराला शिकविते. पांच वर्षांच्या पोरासही एवढें कळतें, मग त्याच्या आईस कां कळूं नये?

तेव्हां बंधुभगिनींनो, दवाखान्यांत नुसते हात जोडून उभे राहूं नका, विचारा! गोळी कशाची? दाब किती? बाळाचें वजन किती भरलें? कोणतें लक्षण दिसतांच धांवत यावें? उत्तर आपल्या भाषेंत मिळाल्यावांचून उठूं नका. ग्रामसभेंत आशाताईच्या पगाराचा ठराव मांडा. सांगणाराच्या चांगुलपणावर जीव टांगून ठेवणें आतां पुरे झालें. कालव्यावर पाण्याची पाळी जशी हक्कानें मागतां, तसेंच हें ज्ञानही हक्कानें मागा.