मुलाच्या गेमचं कुलूप कोणी काढायचं?

पुणे-सातारा रस्त्यावरून नसरापूरला आत वळलं की वेल्ह्याच्या वाटेवर मार्गासनी लागतं. राजगडला जाणाऱ्या पुण्याच्या गाड्या शनिवार-रविवारी इथूनच साखर, गुंजवण्याकडे वळतात. तालुक्याचं नाव सरकारी कागदावर आता राजगड झालंय, पण एसटीची वाट बघणारा माणूस अजून वेल्हेच म्हणतो. माझी बहीण तिथे राहते. गेल्या महिन्यात तिच्याकडे गेलो, तर चहा यायच्या आधीच चौदा वर्षांच्या भाच्याने टीव्हीखालचा काळा डबा दाखवला आणि म्हणाला, "मामू, इसका लॉक निकालके दो ना."

डबा म्हणजे जुना प्लेस्टेशन ४. त्याच्या अब्बूंचा टेम्पो पुण्याला जातो, तिथे एका दुकानातून त्यांनी तो सेकंडहँड आणलेला. दुकानदाराने आधीच्या मालकाची माहिती पुसलीच नव्हती. आत कुठल्या तरी अनोळखी मुलाचं खातं तसंच होतं आणि त्यावर त्याच्या आईबापांनी घातलेली बंधनंही. दीड तास झाला की खेळ बंद होऊन लॉगआउट. मोठ्यांसाठीचे गेम उघडत नाहीत. नवीन नाव जोडायला गेलं की चार आकडी पासकोड मागतो. दुकानात फोन केला तर "आमच्याकडे नाही" एवढंच उत्तर. म्हणजे शहरातल्या कुठल्या तरी घरातली, आम्हाला कधीही न दिसणारी एक आई मार्गासनीतल्या माझ्या भाच्याने किती वेळ खेळायचं हे ठरवत होती. मला हसू आलं, पण खरं सांगायचं तर थोडं बरंही वाटलं. निदान कुणीतरी ठरवत होतं.

हे लिहिण्याचं कारण असं की आमच्या वाचकांपैकी बहुतेकजण त्या घरातले "मामू" आहेत. कुणी भाईजान, कुणी आपा, कुणी चाचू. पंचवीस वर्षांचे, बऱ्यापैकी शिकलेले, खानदानातला वायफाय चालू करणारे आणि आधारला मोबाइल जोडून देणारे. लहान मुलांच्या मोबाइलवरचं, गेमवरचं बंधन काढायची वेळ येते तेव्हा रिमोट तुमच्याच हातात दिला जातो. आईबाप बाजूला उभे असतात, त्यांना विचारलंही जात नाही. आपण दोन मिनिटांत काम करतो, "लो, हो गया" म्हणतो आणि बिर्याणी खाऊन घरी येतो. आपण नेमकं काय काढून टाकलं, हे त्या घरात कुणालाच माहीत नसतं.

मीही तेच करणार होतो. पासकोडच्या जागी चार शून्यं टाकली आणि ते उघडलं. प्लेस्टेशनचा मूळ पासकोड ०००० असतो. पुष्कळ पालक बंधनं घालतात आणि हा आकडा बदलायचं विसरतात. तो बदललेला असता तर यंत्र पूर्ण पुसून पहिल्यापासून सुरू करावं लागलं असतं आणि त्यात साठवलेले खेळ गेले असते. पण यंत्राचं कुलूप आणि खात्याचं कुलूप वेगळं असतं, हे लक्षात ठेवा. मुलाचं खातं पालकाच्या खात्याला जोडून बंधन घातलेलं असेल, तर डबा दहा वेळा पुसला तरी ते जात नाही. ते फक्त पालकाच्याच खात्यातून सुटतं. उलट, मुलाने मोठ्या माणसाची जन्मतारीख टाकून नवीन खातं काढलं, तर कुठलंही कुलूप न तोडता तो बाहेर पडतो. भाच्याला हा दुसरा रस्ता आधीच ठाऊक होता. त्याचं अडलं होतं ते फक्त त्या चार शून्यांपाशी.

मग मी म्हटलं, आधी अम्मीला बोलाव.

ती आली, हात पदराला पुसत. तिच्या नावाने खातं काढू, त्याखाली मुलाचं, असं म्हणून तिचा ईमेल विचारला. तिला माहीत नव्हता. मोबाइल घेतला तेव्हा भाच्यानेच तो काढून दिला होता, पासवर्डही त्यालाच पाठ. त्याने तो घडाघडा सांगितला, अगदी निरागसपणे. आईच्या नावाने जी परवानगी मागितली जाईल, ती देणारा मुलगाच! २०२३ चा डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा १८ वर्षांखालच्या प्रत्येकाला मूल मानतो आणि त्याची माहिती वापरण्याआधी पालकाची, पडताळून पाहता येईल अशी संमती मागतो. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये आले आणि टप्प्याटप्प्याने लागू होताहेत. कायदा चांगला आहे. पण ज्या घरात आईचा अंगठा मुलाच्या खिशात आहे, तिथे तो काय पडताळणार?

हे नुसतं आपल्याकडचं रडगाणं नाही. दक्षिण कोरियाने २०११ मध्ये कायदाच केला होता, की सोळा वर्षांखालच्या मुलांना रात्री बारा ते सकाळी सहा ऑनलाइन गेम बंद. मुलांनी आईबापांचे ओळख क्रमांक वापरले, मोबाइलवरचे खेळ त्या कायद्यात बसतच नव्हते, आणि दहा वर्षांनी सरकारने तो रद्द केला. चीनने २०२१ मध्ये त्याहून कडक केलं: अठराखालच्यांना शुक्रवार, शनिवार, रविवार आणि सुटीच्या दिवशी रात्री आठ ते नऊ, बस. तेवढी पोलिसी यंत्रणा आपल्याला नको आहे, आणि असती तरी मी तिच्या बाजूने लिहिलं नसतं. आपल्याकडे २ सप्टेंबर २०२० ला पबजी बंद झाला, पुढच्या जुलैत नव्या नावाने परत आला, २०२२ मध्ये पुन्हा गायब, २०२३ च्या मेमध्ये पुन्हा हजर. या येण्या-जाण्यात एकाही घरात आई आणि मुलगा शेजारी बसून बोलले असतील असं मला वाटत नाही.

आपल्या सांगली जिल्ह्यात मात्र एक वेगळी गोष्ट घडली. कडेगाव तालुक्यातल्या मोहित्यांचे वडगाव या गावाने २०२२ मध्ये संध्याकाळी सातला भोंगा वाजवायला सुरुवात केली. भोंगा वाजला की दीड तास टीव्ही बंद, मोबाइल बंद, मुलं अभ्यासाला. साडेआठला पुन्हा भोंगा. बातम्यांमध्ये ही गावाची शिस्त म्हणून गाजली, पण मला त्यातली दुसरीच बाब महत्त्वाची वाटते. तिथे बंधन मोठ्यांवरही होतं. त्याच वर्षी यवतमाळ जिल्ह्यातल्या पुसद तालुक्यातल्या बान्शी गावाने अठराखालच्यांना मोबाइल बंदीचा ठराव केला. ग्रामसभेत बसलेल्या मोठ्या माणसांच्या मोबाइलला मात्र त्या ठरावात हात नव्हता. मुलं असला फरक लगेच ओळखतात. जेवताना रील बघणाऱ्या बापाने "गेम बंद कर" म्हटलं की मुलगा गप्प बसेल, पण त्याला पटलेलं नसतं.

बरं, बंधन नेमकं कशावर हवं? आपण सगळे वेळेवरच अडकतो. किती तास खेळला, एवढंच मोजतो. तासांचं भान हवंच. आरोग्य संघटनेने गेमचं व्यसन आजारांच्या यादीत घेतलंय तेही उगाच नाही. पण या यंत्रांमध्ये चार-पाच वेगवेगळी कुलुपं असतात: वेळेचं, वयाचं, पैशाचं, इंटरनेट ब्राउझरचं आणि अनोळखी माणसांशी बोलण्याचं. "लॉक काढ" म्हटलं की आपण पाचही एकदम काढतो. तीच चूक.

पैशाचं घ्या. ऑगस्ट २०२१ मध्ये मुंबईच्या उपनगरातला एक सोळा वर्षांचा मुलगा घर सोडून गेला आणि अंधेरीच्या महाकाली लेण्यांच्या परिसरात सापडला. आईच्या बँक खात्यातून पबजीवर दहा लाख रुपये गेले होते आणि घरच्यांनी जाब विचारल्यावर तो निघून गेला होता. पैसे तर गेलेच, पण त्या रात्री त्या घरावर काय गुजरली असेल याचा विचार करा. प्लेस्टेशनवर मुलाच्या खात्याची खर्चाची मर्यादा सुरुवातीला शून्यच असते. ती शून्य राहू द्या. हे कुलूप सगळ्यात शेवटी काढायचं.

आणि बोलण्याचं. अमेरिकेत डिसेंबर २०२२ मध्ये फोर्टनाइट बनवणाऱ्या एपिक गेम्सने सरकारी व्यापार आयोगाशी झालेल्या तडजोडीत ५२ कोटी डॉलर भरायचं मान्य केलं. त्यातले साडेसत्तावीस कोटी मुलांच्या खासगीपणाचा भंग केल्याबद्दल होते. आरोपांमध्ये एक असा होता की लहान मुलांसाठीसुद्धा अनोळखी माणसांशी थेट बोलण्याची सोय आधीपासूनच चालू ठेवलेली होती. ती बंद करायचं पालकांवर, ते पण शोधून सापडलं तर. एक तास जास्त खेळलेला मुलगा दुसऱ्या दिवशी शाळेत पेंगेल. हेडफोनमधून रोज रात्री शिव्या, जातीधर्मावरून टोमणे ऐकणारा मुलगा मात्र आपल्याला काही सांगणार नाही. आपल्या मुलांना नाव बघून काय काय ऐकवलं जातं, हे या मासिकाच्या वाचकांना मी सांगायला नको.

म्हणून त्या दिवशी आम्ही एकेक कुलूप वेगळं घेतलं. बहिणीच्या खात्याचा पासवर्ड तिने स्वतः बदलला, भाचा भिंतीकडे तोंड करून उभा. वेळ शाळेच्या दिवशी एक तास, रविवारी तीन. त्याने अडीचची ऑफर फेटाळली, हे नमूद केलं पाहिजे. वय त्याचं खरं तेच. ओळखीच्या मित्रांशी बोलणं चालू, बाकीच्यांशी बंद. पैसे शून्य. आणि वेळ संपल्यावर खेळ मध्येच तुटू नये, नुसती सूचना यावी, हे त्याने मागितलं आणि ते मला रास्त वाटलं. निन्टेंडोच्या यंत्रातसुद्धा हे दोन पर्याय वेगळे ठेवलेत, नुसता इशारा किंवा थेट बंद. शेवटच्या ओव्हरला टीव्ही बंद केला तर आपल्यालाही राग येतोच की. बहिणीने विचारलं, सूचना आल्यावर उठला नाही तर? तो म्हणाला, तर मग थेट बंदवाला लाव. सौदा झाला.

इथपर्यंत सगळं ठीक होतं. खाली बसलेली भाची इतका वेळ गप्प होती. ती सतरा वर्षांची, बारावीला, रोज एसटीने जाते-येते. ती म्हणाली, "मामू, मेरा भी देखो ना." तिच्या मोबाइलचा पासकोड घरात सगळ्यांना माहीत आहे. भाऊ तो रोज रात्री उघडतो, "चेक करतो". तिला त्याचा पासकोड माहीत नाही. चौदा वर्षांचा मुलगा सतरा वर्षांच्या बहिणीचा पालक! हे कुणी ठरवून केलेलं नव्हतं, तसंच चालत आलं होतं. बहीण म्हणाली, "लडकी की बात अलग है."

हे वाक्य आपल्यातल्या प्रत्येकाने आपल्या घरात ऐकलंय. मुलाच्या बाबतीत बंधन म्हणजे तात्पुरती काळजी आणि ती कधी सुटणार याची तो हक्काने चौकशी करतो. मुलीच्या बाबतीत तेच बंधन म्हणजे संशय, आणि त्याला शेवटची तारीखच नसते; ते भावाच्या हातातून पुढे नवऱ्याच्या हातात जातं. मुलाच्या गेमचं कुलूप काढायला आपण धावतो आणि बहिणीच्या मोबाइलवरचं आपल्याला कुलूप वाटतच नाही.

मी बहिणीला केरळातल्या फहीमा शिरीनची गोष्ट सांगितली. कोझिकोडजवळच्या एका कॉलेजच्या मुलींच्या वसतिगृहात आधी रात्री मोबाइल बंद असायचे, मग २०१९ मध्ये संध्याकाळी सहा ते दहा बंद केले, म्हणजे नेमक्या अभ्यासाच्या वेळी. फहीमाने ऐकलं नाही, तिला वसतिगृहातून काढलं, आणि ती हायकोर्टात गेली. १९ सप्टेंबर २०१९ ला न्यायमूर्ती पी. व्ही. आशा यांनी निकाल दिला: इंटरनेट वापरता येणं हा शिक्षणाच्या आणि खासगीपणाच्या हक्काचा भाग आहे, आणि अठरा वर्षांवरच्या विद्यार्थिनीला, इतरांना त्रास होत नसेल तर, आपला अभ्यास कसा करायचा हे ठरवण्याचं स्वातंत्र्य हवं. तिला वसतिगृहात परत घ्यावं लागलं. या सगळ्यात तिचे वडील तिच्या बाजूने उभे होते. बहीण यावर काही बोलली नाही, पण "वडील?" असं एकदा विचारलं.

अठराच्या खालचं काय? बालहक्कांच्या ज्या करारावर भारताने १९९२ मध्ये शिक्कामोर्तब केलं, त्यात मुलाच्या वाढत्या समजेप्रमाणे पालकांनी मार्गदर्शन करायचं असं म्हटलंय. वाढत्या, हा शब्द महत्त्वाचा. चौदाव्या वर्षी जे कुलूप योग्य, ते सतराव्या वर्षी नको. आणि पाळत ठेवायचीच वेळ आली, तर ती आईने ठेवावी, सांगून ठेवावी. लहान भावाने नव्हे.

अब्बू रात्री टेम्पो लावून आले. त्यांना सगळं पुन्हा सांगितलं. मोबाइलचं ऐकून ते जरा थांबले, मग मुलाला म्हणाले, "तू कायको देखता रे उसका?" त्याच्याकडे उत्तर नव्हतं. भाचीने तिथेच पासकोड बदलला. नवीन आकडा अम्मीला कागदावर लिहून दिला, तो डब्यात गेला. उघडायची वेळ आली तर आधी तिला सांगायचं असं ठरलं. गेमच्या बंधनांचा फेरविचार दर सहा महिन्यांनी, दोघांच्या वाढदिवसाला त्यांच्या हातात सगळं. कॅलेंडरवर पेनने दोन तारखा लिहिल्या गेल्या, दोघं अठराची होणार त्या. भाच्याने वाकून पाहिलं आणि कुरकुरला, कारण तिची तीन वर्षं आधी येते.