दुकानात चालतं, व्हिसाला नाही

ऑगस्ट २००२ मधली गोष्ट. कॅलिफोर्नियात डायॅन मॉन्सन यांच्या घरी एकाच वेळी दोन सरकारांची माणसं आली. एक काउंटीच्या शेरीफची, दुसरी फेडरल अमली पदार्थविरोधी खात्याची. मॉन्सनबाईंनी घरी गांजाची सहा रोपं लावली होती. पाठीच्या जुनाट दुखण्यावर डॉक्टरांच्या सल्ल्याने त्या गांजा वापरत. १९९६ च्या जनमत कौलानंतर कॅलिफोर्नियात औषधी वापराला परवानगी होती, त्यामुळे शेरीफच्या लोकांनी सगळं तपासून सांगितलं की बाईंचं काहीही चुकलेलं नाही. फेडरल एजंटांना ते मान्य नव्हतं. तीन तास दोन्ही बाजू अडून बसल्या. शेवटी एजंटांनी सहाच्या सहा रोपं उपटून नष्ट केली.

प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. २००५ मध्ये सहा विरुद्ध तीन मतांनी निकाल लागला: राज्याने काहीही ठरवलं तरी फेडरल बंदी घरातल्या कुंडीपर्यंत पोचते. आधार घेतला तो १९४२ च्या एका निकालाचा. ओहायोतल्या रॉस्को फिलबर्न या शेतकऱ्याने ठरवून दिलेल्या मर्यादेपेक्षा जास्त गहू पेरला होता, तोही बराचसा आपल्याच शेतावर वापरायला. घरच्या गव्हाचाही देशाच्या बाजारावर परिणाम होतो, आणि राज्याराज्यांमधला व्यापार काँग्रेसच्या ताब्यात आहे, असं तेव्हा कोर्टाने म्हटलं. तोच न्याय गांजाला लागला.

हा निकाल आजही कायम आहे. एडिसन, जर्सी सिटी, फ्रीमाँट किंवा सनीव्हेलमध्ये राहणाऱ्या मराठी माणसाने तो समजून घ्यायलाच हवा. कारण त्याच्या भोवतीचं चित्र अगदी उलटं दिसतं. २०१२ च्या नोव्हेंबरात कोलोरॅडो आणि वॉशिंग्टन या राज्यांनी मौजेसाठीचा वापर मोकळा केला, आणि २०२३ अखेर अशा राज्यांची संख्या २४ झाली. राजधानी वॉशिंग्टन डीसी वेगळीच. वयाची अट सगळीकडे २१. दुकानं रीतसर परवान्याची, दारात ओळखपत्र तपासणारा माणूस, मुलांना सहजी उघडता येणार नाहीत अशी पाकिटं, आणि त्यावर छापलेलं टीएचसी या नशा आणणाऱ्या घटकाचं प्रमाण. कोलोरॅडो आणि कॅलिफोर्नियात खाण्याच्या एका पाकिटात १०० मिलिग्रॅमपेक्षा जास्त टीएचसी चालत नाही, एका तुकड्यात १०. हे सगळं पाहिल्यावर यात काही बेकायदा असेल असं कुणाच्या मनातही येत नाही.

पण राज्याची वेस ओलांडली की नियम बदलतात. न्यू जर्सीत सहा औंस, म्हणजे जवळपास १७० ग्रॅम, जवळ बाळगले तरी चालतात, मात्र घरी एक रोप लावलं तर तो तुरुंगवासाचा गुन्हा. हडसनच्या पलीकडे न्यू यॉर्कमध्ये तीन औंसांची मर्यादा, पण प्रौढाला घरी रोपं लावायची मुभा. इलिनॉयने २०२० पासून परवानगी दिली ती रहिवाशाला ३० ग्रॅमची आणि पाहुण्याला त्याच्या निम्मी. टेक्सासात तर मौजेसाठी काहीच चालत नाही. दोन औंसांपर्यंतच्या सुक्या गांजाला १८० दिवसांपर्यंत कैद, आणि व्हेप पेनमधला अर्क मिळाला तर एक ग्रॅमपेक्षा कमी असला तरी गंभीर गुन्हा. डॅलसला नातेवाइकांकडे निघालेल्या कॅलिफोर्नियाच्या पोराच्या खिशात पेन राहिलं, तर त्याची किंमत फार मोठी असते.

जर्सी सिटीतून मॅनहॅटनला जाणाऱ्या पाथ गाडीचं उदाहरण त्याहून बोलकं आहे. दोन्ही टोकांना गांजा कायदेशीर, पण खिशात पाकीट घेऊन नदी ओलांडली की माल एका राज्यातून दुसऱ्या राज्यात गेला, आणि ती हद्द फेडरल कायद्याची. ग्रँड कॅन्यन आणि योसेमिटीचंही तेच. ॲरिझोना आणि कॅलिफोर्निया परवानगी देतात, पण राष्ट्रीय उद्यानाची जमीन फेडरल सरकारची, तिथे राज्याची मुभा लागू नाही.

मग फेडरल सरकार ही दुकानं बंद का करत नाही? सोपं उत्तर असं की तेवढं मनुष्यबळ नाही आणि तेवढी राजकीय इच्छाही नाही. २०१३ मध्ये ओबामा सरकारच्या न्याय खात्याने आपल्या वकिलांना कळवलं की राज्याचे नियम पाळणाऱ्यांच्या मागे लागण्यात शक्ती खर्च करू नका. २०१८ च्या जानेवारीत तेव्हाचे ॲटर्नी जनरल जेफ सेशन्स यांनी ते पत्रक मागे घेतलं. तरीही मोठी धरपकड झाली नाही. अमेरिकन नागरिकाला एवढ्यावर निर्धास्त राहता येतं. व्हिसावर किंवा ग्रीन कार्डवर असलेल्याला येत नाही.

इमिग्रेशन ही पूर्णपणे फेडरल बाब. तिथला अधिकारी राज्याचा कायदा पाहतच नाही. दुकानदार मात्र वयाच्या पुराव्यासाठी भारताचा पासपोर्टही चालवून घेतो, त्यातला व्हिसा उलटून पाहायचं त्याला कारण नसतं. ज्या पुस्तिकेच्या जोरावर खरेदी झाली, तिच्यावरच पुढे विमानतळावर प्रश्न येऊ शकतात. आणि त्यासाठी अटक किंवा खटला लागत नाही. गांजा जवळ बाळगला होता, अशी कबुली नियमांत बसेल अशा रीतीने दिली, तर तेवढ्यावरही प्रवेश नाकारता येतो. स्वतःच्या वापरासाठी ३० ग्रॅमपर्यंतच्या एका गुन्ह्याला सूट आहे, पण ती देशाबाहेर काढण्याच्या कलमात. प्रवेशाच्या कलमात तशी आपोआप सूट नाही. म्हणजे अमेरिकेत राहत असताना सुरक्षित असलेला माणूस भावाच्या लग्नाला पुण्याला येतो आणि परतताना अडकतो.

२०१९ च्या एप्रिलमध्ये नागरिकत्व खात्याने हे लेखी स्पष्ट केलं. राज्यात कायदेशीर असलं तरी गांजाशी संबंध नागरिकत्वासाठी लागणाऱ्या सद्वर्तनाच्या आड येऊ शकतो, आणि त्यात या उद्योगातली नोकरीही आली. त्याच सुमाराला डेन्व्हरमध्ये परवानाधारक व्यवसायात काम केलेल्या दोन स्थलांतरितांना नागरिकत्व मिळालं नाही, आणि महापौर मायकल हॅनकॉक यांनी त्याविरुद्ध थेट वॉशिंग्टनकडे दाद मागितली. दोघांनी राज्याचा एकही नियम मोडला नव्हता. राज्याने परवाना द्यायचा, कर घ्यायचा, आणि तिथे काम करणाऱ्या माणसाचं वर्षानुवर्षं जपलेलं स्वप्न मोडायचं, हा उघड अन्याय आहे. काँग्रेसने कायदा बदलेपर्यंत तो चालूच राहणार.

तोवर इमिग्रेशन वकील जे सांगतात ते रुक्ष असलं तरी पाळण्यासारखं आहे. नागरिकत्वाची शपथ होईपर्यंत गांजापासून लांब राहायचं. दुकानात हौसेने काढलेले फोटो आणि मित्रांच्या ग्रुपवरचे मेसेज फोनमध्ये ठेवायचे नाहीत, कारण सीमेवर फोन तपासला जाऊ शकतो. अर्जात अमली पदार्थांविषयी सरळ प्रश्न असतो, तिथे खोटं लिहिणं हा स्वतंत्र आणि मोठा दोष, म्हणून उत्तर लिहिण्याआधी वकिलाला विचारायचं. ग्रीन कार्डच्या वैद्यकीय तपासणीतही व्यसनांची चौकशी होते. नवीन आलेल्या विद्यार्थ्यांना बँक खातं आणि गाडीचा विमा समजावणाऱ्या आपल्या महाराष्ट्र मंडळांनी ही माहितीही त्याच बैठकीत द्यायला हवी. बावीस वर्षांच्या मुलाला हे सहसा कुणी सांगत नाही.

आणि आई-बाबांना झोप लागत नाही म्हणून परतीच्या बॅगेत टीएचसीच्या गोळ्यांचा, म्हणजे गमीजचा, डबा टाकणाऱ्यांनी १९८५ चा आपला एनडीपीएस कायदा लक्षात ठेवावा. मुंबईच्या विमानतळावर टीएचसी असलेला डबा सापडला तर तो अमली पदार्थच. दुकानाची पावती, राज्याचा परवाना किंवा पाकिटावरचं लेबल, यातलं काहीही तिथे उपयोगी पडत नाही.