रक्तातला फुटबॉल की मैदानातला?

अलीकडे आमच्या वाशीम जिल्ह्यातील एका धर्मग्रामसभेत मैदानाचा विषय निघाला. चर्चमागील मोकळ्या जागेवर लग्नकार्यासाठी सभागृह बांधावे, म्हणजे भाड्याचे चार पैसे येतील, असा प्रस्ताव होता. मुलांच्या खेळाचे काय, असे आम्ही विचारताच एक सुशिक्षित गृहस्थ उत्तरले, “फादर, फुटबॉल गोवेकरांच्या रक्तात असतो. आपल्या मुलांना तो काय करायचा?” सभेने माना डोलावल्या. आम्ही गप्प बसलो, ही आमची चूक. ती येथे दुरुस्त करीत आहोत.

गोवा हे क्षेत्रफळाने देशातील सर्वांत लहान राज्य. अवघे ३,७०२ चौरस किलोमीटर. आमचा सहा तालुक्यांचा वाशीम जिल्हा त्याहून मोठा आहे! २०११ च्या जनगणनेत गोव्याची वस्ती साडेचौदा लाखांची, आमची सुमारे बारा लाखांची. या एवढ्याशा राज्याने संतोष करंडक पाच वेळा जिंकला. ही १९४१ पासून चालत आलेली राज्याराज्यांच्या संघांची स्पर्धा. तीत परदेशी खेळाडू विकत आणता येत नाहीत. मुंबईसारखे शहर पदरी असलेल्या महाराष्ट्राच्या नावावर, जुन्या मुंबई राज्याचा विजय धरूनही, चारच विजेतेपदे आहेत.

हे रक्ताने झाले म्हणावे, तर १८८३ पूर्वी ते रक्त कोठे होते? त्या वर्षी विल्यम रॉबर्ट लायन्स हे ब्रिटिश धर्मगुरू बार्देशातील शिवोलीस आले. त्यांनी तेथे शाळा काढली आणि मुलांच्या पायाशी चेंडू ठेवला. पुढे शाळा हडफड्यास गेली. तिच्याबरोबर चेंडूही गेला. राज्य पोर्तुगिजांचे, खेळ ब्रिटिशांचा, आणि तो वाढला मात्र चर्चसमोरच्या अंगणात! शाळा-सेमिनऱ्यांतून खेळून बाहेर पडलेल्या धर्मगुरूंनी तो गावोगाव नेला. मग वाड्यावाड्यांचे सामने सुरू झाले. गोव्याची फुटबॉल संघटना स्थापन झाली ती १९५९ साली, म्हणजे मुक्तीच्या केवळ दोन वर्षे आधी. शासनाने फुटबॉलला राज्यखेळाचा मान दिला तो तर २०१२ साली. तोवर मैदानांनी आपले काम सव्वाशे वर्षे केले होते.

हा ख्रिस्ती लोकांचा खेळ, अशीही एक समजूत ऐकू येते. १९८२-८३ मध्ये गोव्याने बंगालबरोबर संतोष करंडक वाटून घेतला आणि पुढच्या वर्षी तो एकट्याने जिंकला. (तेव्हा गोवा राज्यही नव्हते, दमण-दीवसह केंद्रशासित प्रदेश होता.) दोन्ही वेळचे कर्णधार गोलरक्षक ब्रह्मानंद शंखवाळकर. नावावरून वाचकांनी काय ते समजावे.

“गोव्यात खाणींचा पैसा होता,” हा आक्षेप अधिक वजनदार आहे. धेंपो, साळगावकर, सेसा या उद्योगांच्या संघांनी कित्येक तरुणांना खेळाच्या जोरावर भाकरी दिली, आणि धेंपोने राष्ट्रीय लीग पाच वेळा जिंकली, हे नाकारणे अप्रामाणिकपणाचे होईल. पण २०१६ साली धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग या तिघांनी राष्ट्रीय लीगमधून अंग काढून घेतले. त्यानंतर गोव्यातला फुटबॉल संपला काय? २०१७ आणि २०२४ साली गोव्याचा संघ संतोष करंडकाच्या अंतिम सामन्यात उभा होता. दोन्ही वेळा तो एका गोलाने हरला. परंतु तिथवर त्याला पोचवणारी गावे शाबूत होती.

आता आपल्याकडे पाहू. गोव्यात भात कापले की शेत मोकळे होते. मुले त्यातच गोल उभा करतात. आमच्याकडे सोयाबीन निघते न निघते तोच हरभऱ्याची घाई, आणि तुरीचे तास जानेवारीपर्यंत उभे. मोकळे राहिले तरी काळ्या रानात भेगा पडतात, पाय मोडायचा. तेव्हा गोव्यातल्या मुलाला शेत तरी आहे. आमच्या मुलाला चर्चची किंवा शाळेची जागा सोडून दुसरे काहीच नाही. तीवर फरशी घालून मग रक्ताला दोष देणे हा कोणता न्याय?

आणि जी एकदिवसीय स्पर्धा आम्ही सणाच्या निमित्ताने भरवतो, तीबद्दल न बोललेलेच बरे. रोख बक्षिसाच्या आशेने शहरातून भाड्याचे खेळाडू येतात, पाहुण्यांना शाली दिल्या जातात, आणि आमची पोरे पाण्याचे जग वाहतात! त्या एका बक्षिसाच्या रकमेत मुरुमाच्या ट्रॉल्या, दोन गोलांचे लोखंडी खांब आणि वर्षभराचे चेंडू येतील. रविवारी मिस्सानंतर धर्मग्रामातल्या वस्त्यांचे सामने लावावेत, आणि शेजारच्या कुठल्याही धर्माच्या मुलाला त्यांत घ्यावे. सभागृह हवेच असेल, तर रस्त्याकडेची पट्टी रिकामी आहे.

आराखडा पुन्हा सभेपुढे यावयाचा आहे. त्या वेळी आमचे मत विरोधी म्हणून इतिवृत्तात नोंदवावे.