सायकल सापडली, बाई सापडली नाही

सावद्यातल्या आमच्या बैठकीत फैजा अहमद खान यांचा २००८ सालचा माहितीपट पाहिला, 'सुपरमेन ऑफ मालेगाव'. हसून हसून पुरेवाट झाली. मग एकीनं विचारलं, "यात मालेगावच्या बाया कुठं आहेत?" दुसरी लगेच म्हणाली, "अगं, गरीब पोरांनी हौसेनं काढलेला सिनेमा. त्याला काय असले प्रश्न विचारायचे?"

मला वाटतं, विचारायचे. आधी श्रेय देऊ. व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या नासिर शेख यांनी २००० साली 'मालेगाव के शोले' काढला. डाकूंना घोडे परवडेनात, तर सायकली दिल्या. त्यानंतरच्या नकलांपैकी एक 'मालेगाव का सुपरमॅन'. यातला सुपरमॅन म्हणजे शफीक शेख, काटकुळा यंत्रमाग कामगार. उडताना दाखवायला ट्रकच्या अंगाला हिरवं कापड लावलं. क्रेन नाही, तर बैलगाडी जुंपली. सुपरमॅनला गावच्या धुळीनं दमा लागलेला आणि खलनायक तंबाखूचा पुरस्कर्ता. गावाचं दुखणं इतक्या हसतखेळत सांगणारे चित्रपट लाखो रुपये ओतूनही होत नाहीत.

पण मालेगावची बाई पडद्यावर येत नाही, म्हणून नायिका बाहेरगावहून आणली. आली, नाचली, गेली. गावातल्या बायकांना हसू कशाचं येतं, खोकला कशाचा येतो, हे चित्रपटाला माहीतच नाही.

कुणी म्हणेल, तिथली रीतच तशी. मैत्रिणींनो, हा मालेगावचा किंवा एका धर्माचा प्रश्न समजू नका. गावोगावच्या व्हिडिओ पार्लरात कुंगफूचे, निन्जांचे मारधाडपट लागत, तेव्हा सावद्यातल्या तरी किती जणी आत गेल्या? चित्रपट बघायची आणि शिकायची ती शाळाच पुरुषांची होती. आपल्या गणपतीतल्या नाटकांतही बाईचं काम करायला बाहेरची नटी आणलेली आपण पाहिली आहे.

माझी तक्रार एवढीच: घोड्याला पर्याय शोधला, क्रेनला शोधला. बाईच्या अडचणीवर मात्र कुणी डोकं चालवलं नाही. पैशाची अडचण ही अडचण वाटते, बाईचं नसणं अडचण वाटतच नाही. गरिबीची सबब इथं लागू पडत नाही.

गंमत अशी, की मालेगावची ही गोष्ट जगापुढं नेली ती बायकांनीच. २००८ साली फैजा अहमद खान यांनी. २०२५ साली आलेल्या 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव'च्या दिग्दर्शक रीमा कागती. दोघीही बाहेरच्या. गावातल्या बाईच्या हाती कॅमेरा कधी येणार?

आज आपल्या मुलींच्या हातात मोबाइल आहे, म्हणजे कॅमेरा आहे. येत्या ३ जानेवारीला, सावित्रीबाईंच्या जयंतीला, भाषणं थोडी कमी करू. प्रत्येक गटानं मुलींनी काढलेली पाच मिनिटांची एक गोष्ट दाखवावी. हलली, अंधारी आली, तरी चालेल. सुपरमॅनचंही तसंच होतं.