आयुष्यभराचं तेल

दसरा चार दिवसांवर आला होता. परळच्या आमच्या इमारतीच्या तळघरात जुनी गोधडी अंथरून मी माझ्या मोटारीखाली डोकं घातलं होतं. एवढ्यात वरून आवाज आला, "काका, हे इथे चालणार नाही." आवाज आमच्या सेक्रेटरींचा होता. माझ्या मुलाच्या वयाचा, सुशिक्षित, अतिशय सभ्य माणूस. मी नुसतं बघतोय, एक बोल्टसुद्धा खोललेला नाही, असं सांगून पाहिलं. "बघायचं असेल तर सर्व्हिस सेंटरला जाऊन बघा ना. पार्किंगमध्ये दुरुस्तीला मनाई आहे, ठराव झालाय." ठराव झालाय म्हटल्यावर माजी बँक अधिकाऱ्यानं वाद घालायचा नसतो. मी गुडघ्यांची समजूत काढत बाहेर आलो आणि गोधडीची घडी केली.

चार दिवसांनी त्याच तळघरात त्याच गाड्यांना झेंडूचे हार घातले जाणार होते. बॉनेटवर स्वस्तिकं, चाकाखाली लिंबू. यंत्राची पूजा चालते, यंत्राखाली डोकावलेलं चालत नाही, असा एक विचार मनात आला. तो पुरता न्याय्य नव्हता, हे पुढे सांगतो.

गाडी माझी सेकंडहँड आहे. गुडघे बोलायला लागल्यावर, परळ टीटी ते दादर टीटी एवढ्या अंतरात पन्नास वेळा क्लच दाबणं जमेना, म्हणून स्वयंचलित गिअरची घेतली. तिच्या गिअरबॉक्समध्ये एक नव्हे, दोन क्लच आहेत. अठ्ठावन्न हजार किलोमीटर झाले होते. पुस्तकात लिहिलं होतं, साठ हजारांना गिअरबॉक्सचं तेल बदला. आणि ज्याला विचारावं तो सांगत होता, "काका, ते लाइफटाइम असतं, हातच लावायचा नाही." छत्तीस-सदतीस वर्षं बँकेत काढल्यामुळे 'आयुष्यभर' हा शब्द दिसला की माझी नजर आपोआप बारीक छपाईकडे जाते. आयुष्य कोणाचं? तेलाचं, गाडीचं, की हमीच्या मुदतीचं?

हा दोन क्लचचा प्रकार काय आहे, ते लालबाग-परळच्या माणसाला समजावणं सोपं आहे. गिरणीत पाळी बदलायची तेव्हा साचा बंद होत नसे. पहिल्या पाळीचा माणूस हात काढायचा त्या आधी दुसऱ्या पाळीचा माणूस शेजारी येऊन उभा असायचा. इथेही तसंच. एका क्लचकडे एक, तीन, पाच हे गिअर, दुसऱ्याकडे दोन, चार, सहा. गाडी दुसऱ्यात चालली असते तेव्हा तिसरा आधीच लागून तयार असतो. एक क्लच सुटतो, त्याच क्षणी दुसरा धरतो. धक्का नाही, खंड नाही. कल्पना जुनी आहे. आदोल्फ केग्रेस नावाच्या फ्रेंच इंजिनिअरनं ती १९३९ च्या सुमारास मांडली. मग मधली काही वर्षं ती शर्यतीच्या गाड्यांत फिरली, आणि २००३ मध्ये फोक्सवागननं ती पहिल्यांदा सर्वसामान्य गिऱ्हाइकाला विकायच्या गाडीत बसवली.

आता तेल. माझ्या गाडीतले क्लच 'ओले' आहेत, म्हणजे तेलात बुडालेले. एकच तेल क्लच थंड ठेवतं, दातेरी चाकांना वंगण देतं आणि गिअर बदलणाऱ्या झडपांना दाबही पुरवतं. चाळीतल्या एकाच नळावर पिण्याचं, आंघोळीचं आणि धुण्याचं भागवावं तसं. क्लच झिजला की त्याची भुकटी त्याच तेलात उतरते आणि तेच तेल झडपांच्या केसाएवढ्या वाटांतून फिरतं. म्हणून साठ हजारांना बदला. यात न समजण्यासारखं काय आहे? काही गाड्यांत मात्र क्लच 'कोरडे' असतात, सात गिअरचे. त्यांच्या गिअरबॉक्समध्ये जेमतेम पावणेदोन लिटर तेल, आणि ते बदलायची मुदतच पुस्तकात दिलेली नसते. 'लाइफटाइम' म्हणतात ते हे. एका जातीचा नियम लोक सर्रास दुसऱ्या जातीला लावतात आणि ओल्या क्लचवाले निर्धास्त राहतात.

त्या कोरड्या क्लचच्या आयुष्यभराच्या तेलाची गोष्ट तर ऐकण्यासारखी आहे. २०१३ च्या नोव्हेंबरात फोक्सवागननं जगभरातल्या सोळा लाख गाड्या परत बोलावल्या, कशासाठी, तर गिअरबॉक्समधलं कृत्रिम तेल काढून त्या जागी खनिज तेल भरायला. त्या तेलामुळे गिअरबॉक्सच्या वीजपुरवठ्यात बिघाड होऊ शकतो, विशेषतः उष्ण, दमट हवेत आणि थांबत-थांबत चालणाऱ्या वाहतुकीत, असं कंपनीनं स्वतःच जाहीर केलं. उष्ण, दमट आणि थांबत-थांबत! हिंदमाताच्या सिग्नलला सप्टेंबरच्या दुपारी उभं राहिलेल्या माणसाला हे वर्णन दुसऱ्या कुठल्या शहराचं वाटेल? कंपनीनं चूक कबूल केली, तेल फुकट बदलून दिलं, हे तिच्या बाजूनं म्हटलं पाहिजे. पण 'आयुष्यभर' या शब्दाचा अर्थ तेव्हापासून माझ्यापुरता पक्का झाला. पुढची सूचना येईपर्यंत.

माझे वडील, आम्ही त्यांना आबा म्हणायचो, परळच्या एका गिरणीत फिटर होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले, त्यांत आबाही होते. परत आत जाणं त्यांच्या नशिबी नव्हतं. त्याच्या आदल्याच वर्षी मला बँकेत नोकरी लागली होती, म्हणून आमची चूल चालू राहिली. पण फिटरच्या हाताला घरात बसवत नाही. सहा महिन्यांतच आबा लालबागच्या एका गल्लीच्या तोंडाशी फियाट टॅक्सीखाली आडवे दिसायला लागले. खाली गोणपाट, डोक्याशी पान्यांची पिशवी, हात पुसायला गिरणीतला सुताचा वेस्ट. तेल बदलायचं, वायसर बदलायचा, ब्रेक जुळवायचे. निघालेलं तेल ते दोन बोटांत चोळायचे, नाकाशी न्यायचे आणि सांगायचे, "क्लच जळतोय, घाटकोपरचा चढ हाफ क्लचवर चढतोस तू." ड्रायव्हर ओशाळून हसायचा.

गंमत अशी, की त्यातल्या काही टॅक्सींची कर्जं माझ्या टेबलावरून गेलेली होती. १९६९ च्या राष्ट्रीयीकरणानंतर बँकांनी छोट्या वाहनवाल्यांना कर्ज द्यायला सुरुवात केली, ती आमच्या काळात जोरात होती. गाडी तारण, दोन जामीन, महिन्याचा हप्ता. अर्जात एक रकाना असायचा, देखभालीचा अंदाजे खर्च. मी तो आबांना विचारून भरायचो. ते जो आकडा सांगायचे तो कंपनीच्या आकड्याच्या निम्मा असायचा, आणि त्या आकड्यावर दिलेली कर्जं फिटत गेली. टॅक्सीवाल्याचा हप्ता त्या फरकातूनच निघायचा, असं मला आजही वाटतं. गाडी कोणालाही खोलता येत होती, म्हणून ती गरिबाला परवडत होती. पद्मिनी चांगली होती म्हणून नव्हे. चांगली ती फारशी नव्हतीच. २०२३ च्या ऑक्टोबरअखेर शेवटची पद्मिनी टॅक्सी मुंबईच्या रस्त्यावरून गेली तेव्हा वर्तमानपत्रांनी तिच्या रंगाविषयी, सिनेमातल्या तिच्या गाण्यांविषयी भरभरून लिहिलं. तिच्याखाली झोपलेल्या माणसाविषयी फारसं कोणी लिहिलं नाही.

आज चित्र उलटं आहे. यंत्र शंभर पटींनी सुधारलं आणि झाकण बंद झालं. हे नुसतं म्हाताऱ्याचं रडगाणं नाही. भारतीय स्पर्धा आयोगानं ऑगस्ट २०१४ मध्ये १४ मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४५ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. ठपका हा, की सुटे भाग, तपासणीची साधनं आणि दुरुस्तीची माहिती त्या बाहेरच्या मेकॅनिकला मिळू देत नाहीत. प्रकरण पुढे अपिलात गेलं, काहींचा दंड उतरला. डिसेंबर २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागानं 'दुरुस्तीचा हक्क' म्हणून एक पोर्टलही सुरू केलं. चांगली गोष्ट आहे. पण हक्क पोर्टलवर आणि पाना कपाटात, अशी आपली अवस्था. माझ्या ओळखीतल्या किती जणांनी आपल्या गाडीचं पुस्तक शेवटच्या पानापर्यंत वाचलंय? फिक्स्ड डिपॉझिटचा पाव टक्का शोधत चार बँका फिरणारा मध्यमवर्गीय माणूस दहा-बारा लाखांच्या वस्तूबाबत 'ते लोक बघतात' म्हणून मोकळा होतो, याचं मला बँकेत असल्यापासून नवल वाटत आलं आहे.

आता सेक्रेटरींची बाजू, कारण मी नंतर शांतपणे विचार केला. ह्या गिअरबॉक्सचं तेल बदलताना शेवटी इंजिन चालू ठेवावं लागतं. बंद तळघरात, मोटारीखाली माणूस आडवा असताना इंजिन चालू ठेवणं म्हणजे विषारी धूर हुंगत पडणं. त्याला ना रंग ना वास. माणूस झोपेतच जातो. शिवाय नुसत्या जॅकवरची गाडी ही कधीही खाली येणारी वस्तू असते. तेव्हा तळघरात मनाई हवीच. माझं भांडण पुढच्या प्रश्नाशी आहे: मग कुठे? चाळीस मजल्यांच्या इमारतीत व्यायामशाळा आहे, पोहण्याचा तलाव आहे, कुत्र्यांना फिरवायला हिरवळ आहे; उघड्या हवेतली, सिमेंटच्या सपाट जमिनीची, एका गाडीपुरती जागा मात्र नकाशात नाही.

ती मला सापडली गिरगावात. माझ्या मामेभावाच्या चाळीचं अंगण अजून शाबूत आहे; पुनर्विकासाच्या कागदांवर सह्या झाल्यात, पण बुलडोझर यायचा आहे. याच अंगणात मामाची 'डुक्कर फियाट' दर दुसऱ्या रविवारी उघडी पडलेली मी लहानपणी पाहिली आहे. मामेभाऊ म्हणाला, "आण रे, कोण विचारतंय? उलट चार जण बघायला येतील." चार नव्हे, अकरा आले. शिवाय गॅलरीतून सूचना वेगळ्या.

एकट्यानं करायचं धाडस मी केलं नाही. आबांच्या हाताखाली शिकलेल्या एका टॅक्सीवाल्याचा मुलगा लालबागला गॅरेज चालवतो, तो आला. येताना चार लोखंडी घोड्या, एक स्कॅनर आणि गवंड्याची लेव्हल घेऊन आला. लेव्हल कशाला, तर या गिअरबॉक्सला डिपस्टिक नाही. तेलाची पातळी ठरते ती आतल्या एका उभ्या नळीच्या उंचीनं, म्हणून गाडी चारही बाजूंनी एका पातळीत हवी. आणि चाळीच्या अंगणाला तर गटाराकडे उतार असतोच. फरशीचे तुकडे घालून घालून बुडबुडा मध्यावर आणायला अर्धा तास गेला. खालचा बोल्ट काढला की थोडं तेल येतं; मग आत ॲलन की घालून ती नळी काढायची, तेव्हा बाकीचं येतं, पाच लिटरच्या आसपास. नळी पुन्हा बसवायची, वरचा फिल्टर बदलायचा, आणि नवं तेल खालूनच, त्याच भोकातून, बाटली उंच टांगून रबरी नळीनं चढवायचं. बाटली टांगली पहिल्या मजल्याच्या कठड्याला, जिथे आकाशकंदील टांगतात त्या खिळ्याला.

खरी कसोटी पुढे. इंजिन सुरू करून, ब्रेकवर पाय ठेवून, एकेक गिअर पाडायचा आणि तेल ३५ ते ४५ अंशांच्या मध्ये असताना खालचा बोल्ट पुन्हा काढायचा. जास्तीचं तेल नळीवरून वाहून जातं. धार तुटून थेंब पडू लागला की बोल्ट बंद. हे आकडे थंड हवेच्या देशात सुखाचे असतील. मुंबईच्या ऑक्टोबरात दुपारची हवाच ३४-३५ अंशांना टेकते, म्हणजे तेल त्या खिडकीतून येऊन कधी निघून गेलं ते कळतही नाही. म्हणून गाडी आदल्या रात्रीच आणून ठेवली होती आणि सकाळी सहाला काम सुरू केलं होतं. मेकॅनिक खाली, मी आत स्कॅनर धरून आकडे ओरडतोय, "सदतीस... अडतीस... एकोणचाळीस," आणि वरच्या मजल्यावरून एक आजीबाई विचारतायत, "ताप कोणाला आलाय?"

निघालेलं तेल मी दोन बोटांत चोळून पाहिलं. बाटलीतलं नवं तेल मधासारखं. हे कॉफीच्या गाळासारखं, आणि करपल्याचा हलका वास. आबांनी नाकाशी नेऊन नेमकं काय सांगितलं असतं, ते मला सांगता येणार नाही.

एक गोष्ट मात्र आबांसारखी केली नाही. ते काढलेलं तेल सरळ गल्लीच्या गटारात ओतायचे, डास मरतात म्हणून. त्या काळी सगळेच ओतायचे, आणि ते सगळं शेवटी समुद्रात जायचं. आता वापरलेलं तेल कायद्यानं घातक कचरा ठरलं आहे, आणि १ एप्रिल २०२४ पासून ते गोळा करून पुन्हा शुद्ध करण्याची जबाबदारी तेल बनवणाऱ्या आणि आयात करणाऱ्या कंपन्यांवर टाकली आहे. पण घरगुती गिऱ्हाइकानं पाच लिटरचा कॅन घेऊन जायचं कुठे, हे कोणत्याही दुकानाच्या पाटीवर मला दिसलं नाही. आमच्या कमिटीला मी पत्र दिलंय: मागच्या फाटकाजवळच्या मोकळ्या जागेत एका गाडीपुरती फरसबंदी करा, खाली पसरट ट्रे ठेवा, एक पिंप ठेवा, महिन्याला अधिकृत माणूस येऊन तेल नेईल असं बघा, आणि वापरणाऱ्याकडून शुल्क घ्या. हिशेब मी ठेवीन, असंही लिहिलंय.

सेक्रेटरी परवा लिफ्टमध्ये भेटले. पत्र पुढच्या सभेत ठेवतो म्हणाले. मग आठव्या मजल्यापर्यंत गप्प राहून हळूच विचारलं, "काका, माझी गाडी बावन्न हजार झालीय. ओला क्लच आहे की कोरडा, ते कसं कळतं हो?" जुन्या तेलाचा कॅन सध्या मेकॅनिकच्या गॅरेजमध्ये आहे, त्याच्याकडून तेल नेणारा माणूस पुढच्या आठवड्यात येणार आहे.